दीडशे रुपयांचं पेपर कटिंग कुठून विकायचं?

कराडमध्ये एक ताई गेली बरीच वर्षं शिवणाचा क्लास चालवतात. ब्लाउज कटिंग ही त्यांची खासियत. क्लासच्या मुलींसाठी ब्राउन पेपरवर काढलेली पेपर कटिंग, म्हणजे ज्यावरून कापड कापायचं ते मापाचे कागदी पॅटर्न, त्यांच्या भाचीने संगणकावर मोजून-मापून उतरवली आणि त्यांच्या पीडीएफ केल्या. साधा फोर टक्स, कटोरी आणि प्रिन्सेस कट, छाती २८ पासून ४४ पर्यंत. एका डिझाइनच्या एका मापाची किंमत १४९ रुपये. इन्स्टाग्रामवर कटोरी कशी जोडायची याचं एक रील चाललं, खाली ‘प्राइस?’, ‘पीडीएफ मिळेल का ताई?’ अशी रांग लागली आणि हे विकायचं कुठून, हा प्रश्न माझ्याकडे आला. लहान व्यावसायिकांचे हिशेब आणि ऑनलाइन कारभार बघणं हा माझा धंदा. ताईंचं नाव देत नाही, बाकी प्रकरण जसंच्या तसं मांडतो.

तोपर्यंत विक्री चालू नव्हती असं नाही. इन्स्टाग्रामवर विचारणा आली की ताई व्हॉट्सॲप नंबर द्यायच्या आणि तिथे स्वतःच्या बचत खात्याचा क्यूआर पाठवायच्या. समोरून स्क्रीनशॉट यायचा, ‘पैसे टाकलेत, पीडीएफ सोडा’. मग ताई फोनमध्ये ती फाइल शोधून पाठवायच्या. यात खर्च शून्य. यूपीआयवर एमडीआर, म्हणजे पैसे घेणाऱ्या दुकानदाराकडून कापला जाणारा आकार, नाही; २०२० च्या जानेवारीपासून नाही. त्यामुळे दोन टक्के कापून घेणाऱ्या गेटवेची, म्हणजे ऑनलाइन पैसे गोळा करून देणाऱ्या कंपनीची, गरजच काय, हा त्यांचा पहिला सवाल होता आणि तो अगदी रास्त होता.

गरज कुठे होती ते दुपारी तीनच्या सुमाराला क्लासमध्ये बसल्यावर कळायचं. समोर सहा मुली मुंढ्याचा, म्हणजे बाही जोडायच्या जागेचा, गोल काढतायत, एकीचा मुंढा अर्धा इंच खोल गेलाय, आणि ताईंच्या हातात खडूऐवजी फोन. ‘ताई ३४ मागितलं होतं, ३६ आलंय.’ ‘ताई फाइल उघडत नाही.’ ‘ताई काल रात्री पैसे टाकलेत, अजून काहीच नाही.’ त्यात खोटे स्क्रीनशॉट. जुन्या स्क्रीनशॉटवरची तारीख बदलून पाठवणं आता शाळेतल्या पोरालाही जमतं. त्यावर उपाय एकच, बँकेच्या मेसेजमधला बारा आकडी संदर्भ क्रमांक स्क्रीनशॉटशी पडताळून बघायचा. दिवसाला दोन ऑर्डर असतील तर ते जमतं. रील चाललं त्या आठवड्यात ताईंनी पडताळणी सोडूनच दिली आणि जो मागेल त्याला फाइल पाठवत राहिल्या.

म्हणजे दोन टक्के द्यायचे ते पैसे घेण्यासाठी नव्हेत. कुणी पैसे दिले, कुणाला कोणती फाइल गेली आणि ती माणसाने हात न लावता गेली का, एवढ्यासाठी द्यायचे. हे एकदा ठरलं आणि पुढची निवड सोपी झाली.

आधी गिऱ्हाईक, मग दुकान

भाचीने इंग्रजी व्हिडिओ बघून ऑनलाइन विक्रीच्या सेवांचा एक तक्ता केला होता. गमरोड, पेहिप, एट्सी, शॉपिफाय, वर्डप्रेसवर वूकॉमर्स, इन्स्टामोजो, रेझरपे. प्रत्येकापुढे टक्केवारी, महिन्याचं भाडं आणि सोयींच्या बरोबरच्या खुणा. तक्ता चांगला होता, पण त्यात गिऱ्हाईक कुठेच नव्हतं. मी ताईंना म्हटलं, तक्ता ठेवा बाजूला आणि गेल्या महिन्यात पीडीएफ घेतलेल्या बायकांच्या व्हॉट्सॲप चॅट उघडा.

चॅटमधून जे दिसलं ते असं. बहुतेक जणी घरी शिवणकाम करणाऱ्या, सांगली, सातारा, सोलापूर, नगरपासून थेट बेळगावपर्यंतच्या. सगळा व्यवहार मोबाइलवर. घरी प्रिंटर कुणाकडेच नाही. पीडीएफ झेरॉक्सवाल्याच्या व्हॉट्सॲपवर पाठवून तिथून प्रिंट. ईमेल आहे, पण फोन घेताना दुकानदाराने काढून दिलेला, पासवर्ड माहीत नाही. पैसे फक्त यूपीआयने. आणि वेगळा एक छोटा गट: अमेरिका, आयर्लंड, जर्मनी, दुबईत राहणाऱ्या मराठी बायका. यांच्याकडे प्रिंटर, लॅपटॉप, कार्ड सगळं आहे आणि तिकडे मापाचा ब्लाउज शिवून देणारं कुणी नाही म्हणून स्वतःच मशीन घेतलेलं. या संख्येने थोड्या, पण एकाच वेळी चार-चार डिझाइन घेणाऱ्या.

दोन्ही गटांना एका दारातून आत घ्यायचा हट्ट धरला तर एका गटाचं नुकसान ठरलेलं. का, ते आकड्यांत बघू.

गमरोड या परदेशी दुकानाचा दर २०२५ च्या सुरुवातीपासून विक्रीच्या १० टक्के आणि वर प्रत्येक विक्रीला ५० सेंट असा आहे, पेमेंटचा खर्च वेगळा. त्यांच्या बाजारातल्या शोधातून गिऱ्हाईक आलं तर ३० टक्के. डॉलर ८५ च्या आसपास धरला तर ५० सेंट म्हणजे साधारण ४२ रुपये. १४९ च्या पीडीएफवर १५ रुपये टक्केवारीचे आणि ४२ रुपये ठोक, म्हणजे किमान ५७ रुपये गेले. उरले फार तर ९२. तेच रेझरपेसारख्या गेटवेवर दोन टक्के म्हणजे २ रुपये ९८ पैसे, त्यावर १८ टक्के जीएसटीचे ५४ पैसे, एकूण साडेतीन रुपयांच्या आसपास. उरले १४५ आणि वर काही पैसे. नुसत्या टक्केवारीच्या रकान्यात ‘१०’ आणि ‘२’ एवढंच दिसतं; स्वस्त वस्तूला खरी धाड घालतो तो ठोक आकार.

पैसे सोडले तरी परदेशी दुकानाची दुसरी अडचण आणखी मोठी. तिथे कार्ड लागतं. रिझर्व्ह बँकेच्या नियमाने मार्च २०२० नंतर दिलेली कार्डं परदेशी आणि ऑनलाइन व्यवहारांसाठी मुळात बंद असतात, ग्राहकाने स्वतः चालू करायची असतात. विट्याच्या एखाद्या वहिनींनी १४९ रुपयांसाठी बँकेच्या ॲपमध्ये शिरून ‘इंटरनॅशनल यूसेज’ चालू करायचं, हे होणे नाही. पेपाल भारतातल्या भारतात वापरू म्हणावं तर त्यांनी देशांतर्गत पेमेंट १ एप्रिल २०२१ पासूनच बंद केलं आहे.

मग देशातल्या गिऱ्हाइकांसाठी दोनच गोष्टी उरल्या. नुसतं गेटवेचं पेमेंट पेज घ्यायचं आणि फाइल पोचवायची व्यवस्था वेगळी जोडायची, किंवा इन्स्टामोजोच्या पठडीतलं तयार दुकान, जिथे पीडीएफ चढवली की पैसे आल्यावर लिंक आपोआप जाते. तयार दुकानाचा कट सहसा नुसत्या गेटवेपेक्षा जास्त. समजा पाच टक्के धरला तरी साडेसात रुपये. ताईंनी इथे पुन्हा आक्षेप घेतला, साडेतीनच्या जागी साडेसात कशाला? मी विचारलं, जोडणी बिघडली तर रात्री दुरुस्त कोण करणार? भाची पुढच्या वर्षी लग्न होऊन पुण्याला जाणार होती. ताई हसल्या आणि साडेसातला तयार झाल्या.

वूकॉमर्सचा विषय याच कारणाने दोन मिनिटांत संपला. स्वतःची वेबसाइट, होस्टिंग, प्लगइनचे अपडेट, हे ज्याच्या घरात कुणी करणारं आहे त्याने जरूर करावं.

पण एक गोष्ट मी आग्रहाने घ्यायला लावली, ती म्हणजे स्वतःचं डोमेन. वर्षाला हजाराच्या आसपास खर्च. त्याच्यावर वेबसाइट बांधायची नाही, फक्त तो पत्ता दुकानाच्या लिंककडे वळवायचा. क्लासच्या पाटीवर, पीडीएफच्या प्रत्येक पानाच्या तळाशी, इन्स्टाग्रामच्या बायोमध्ये हाच पत्ता. उद्या दुकान बदललं तर आत वळवण बदलायचं, पाटी तीच. ही भीती उगाच नाही. गमरोडने आधी २०२३ मध्ये सरसकट १० टक्के केले, मग २०२५ मध्ये वर ५० सेंट चढवले. लेमन स्क्वीझी ही अशीच विक्रीची सेवा जुलै २०२४ मध्ये स्ट्राइप या पेमेंट कंपनीने विकत घेतली. असे फेरफार होत राहणार. त्यामुळे कुठलीही सेवा घेताना माझा पहिला प्रश्न असतो, गिऱ्हाइकांची यादी मला फाइलमध्ये काढून नेता येते का? नसेल तर फुकटही नको.

परदेशातल्या बायकांचं वेगळं

तुम्ही म्हणाल, परदेशातल्या गिऱ्हाइकांनाही यूपीआय द्या. काही जणींना ते जमतंसुद्धा. २०२३ पासून अमेरिका, ब्रिटन, यूएई, सिंगापूर अशा काही देशांतल्या मोबाइल नंबरवर एनआरई-एनआरओ, म्हणजे परदेशस्थ भारतीयांच्या इथल्या खात्याचं यूपीआय चालू करता येतं. काही जणी सरळ इथल्या आईला सांगून पैसे टाकायला लावतात. पण अडचण पैसे घेण्याची नव्हती, कर भरण्याची होती.

युरोपीय संघात २०१५ पासून डिजिटल वस्तूंवरचा व्हॅट गिऱ्हाईक ज्या देशात राहतं त्या देशाचा लागतो, आणि संघाबाहेरच्या विक्रेत्याला कुठलीही किमान मर्यादा नाही. म्हणजे डब्लिनमधल्या एका बाईला एक पीडीएफ विकली तरी नियमाप्रमाणे तिथला व्हॅट घेऊन भरायचा. ब्रिटनचंही तसंच. आता कराडच्या शिवण क्लासला आयरिश करखात्याचं कुणी पकडायला येणार नाही हे खरं. तरीही हिशेबाच्या माणसाने ‘कोण बघतंय’ असा सल्ला देऊ नये, आणि सोय असताना कशाला द्यावा?

सोय अशी की काही सेवा ‘मर्चंट ऑफ रेकॉर्ड’ म्हणून काम करतात. कागदोपत्री विक्रेता तेच. गिऱ्हाइकाकडून तिथला कर तेच घेतात, तेच भरतात आणि आपल्याला आपला वाटा देतात. गमरोड २०२५ पासून असं करतं. पेहिप फुकट योजनेत ५ टक्के घेतं, पेमेंटचा खर्च वेगळा, आणि युरोप-ब्रिटनचा व्हॅट सांभाळतं. एट्सीसुद्धा डिजिटल मालावरचा व्हॅट स्वतः भरतं. तिथे प्रत्येक वस्तू मांडायला २० सेंट, विक्रीवर ६.५ टक्के, पेमेंटचा कट वेगळा. एट्सीची जमेची बाजू म्हणजे तिथे ‘साडी ब्लाउज पॅटर्न’ शोधत अनोळखी गिऱ्हाईक येतं. पण ताईंच्या पीडीएफमधल्या सूचना मराठीत. त्या इंग्रजीत होईपर्यंत अनोळखी गिऱ्हाइकाचा उपयोग नाही, उलट तक्रारीच जास्त. म्हणून एट्सी पुढे ढकललं.

इथे दीडशे रुपयांचा प्रश्न पुन्हा आला. परदेशी दार गमरोडचं; तिथला ५० सेंटचा ठोक आकार चुकत नाही, तर वस्तूच मोठी करायची. परदेशी दारात सुटं माप ठेवलंच नाही. एका डिझाइनची सगळी मापं मिळून एक संच, किंमत १२ डॉलर. त्यावर १ डॉलर २० सेंट आणि ५० सेंट, म्हणजे १ डॉलर ७० सेंट, साधारण १४ टक्के, पेमेंटचा खर्च सोडून. कराची डोकेदुखी दुसऱ्याच्या डोक्यावर घालायला हे महाग म्हणता येणार नाही.

या गटाने आणखी एक गोष्ट दाखवून दिली, जी कुठल्याच तक्त्यात नव्हती. अमेरिकेत ए-फोर कागद नसतो, लेटर असतो. तो ए-फोरपेक्षा सहा मिलिमीटर रुंद आणि अठरा मिलिमीटर आखूड. पाठीचा भाग चार पानं जोडून तयार होतो. लेटरवर छापला की प्रत्येक पानाची खालची पट्टी गायब आणि जोडखुणा जुळेनात. न्यू जर्सीतल्या एका बाईंनी फोटो पाठवला तेव्हा कळलं. आता परदेशी संचात पॅटर्नचा नकाशा दोन्ही कागदांवर बसेल एवढ्याच जागेत आखला आहे. पानं वाढली, तक्रार थांबली.

देशातही कागदाचंच दुखणं, फक्त वेगळं. झेरॉक्सवाला सवयीने ‘फिट टू पेज’ ठेवून प्रिंट काढतो. नकाशा थोडा आक्रसतो आणि ३६ चा ब्लाउज ३५ चा होतो. दोष मात्र पॅटर्नवर. यावर ताईंनी पहिल्या पानावर एक इंचाचा चौकोन छापला आणि त्याखाली ठळक ओळ घातली: ‘झेरॉक्सवाल्या दादांना सांगा, ॲक्च्युअल साइज, शंभर टक्के. आधी हे एकच पान काढा, टेपने चौकोन मोजा, एक इंच भरला तरच बाकीची काढा.’ माझ्या मते या एका ओळीने जेवढा त्रास वाचवला तेवढा दुकानाच्या निवडीनेही नाही. झिप फाइलही काढून टाकली, मोबाइलवर ती उघडणं बहुतेकींना जमत नव्हतं. आता सुट्या पीडीएफ, नाव रोमन लिपीत आणि त्यात मापाचा आकडा, कारण झेरॉक्सच्या दुकानातल्या जुन्या संगणकावर देवनागरी नावाचे चौकोन होतात.

कागदपत्रं आणि कर

खातं उघडताना जे अडलं ते अनेकींचं अडतं म्हणून सांगतो. पॅनवर ताईंचं सासरचं नाव, बँकेच्या पासबुकावर माहेरचं. गेटवेची केवायसी म्हणजे ही दोन नावं जुळवून बघणं, आणि ती जुळेनात. पैसे जमा होत होते, पण खात्यात सोडले जात नव्हते. विवाह प्रमाणपत्र घेऊन बँकेत नाव बदलून घेतलं, मगच गाडी हलली. शॉप ॲक्ट आधी होताच. उद्यम नोंदणी केली, ती सरकारी संकेतस्थळावर फुकट होते, त्यासाठी कुणाला पैसे द्यायचे नसतात. त्यावर क्लासच्या नावाने चालू खातं निघालं आणि घरखर्चाचं खातं मोकळं झालं. शिवाय दुकानाच्या पानावर परतावा धोरण, अटी, गोपनीयता आणि संपर्क पत्ता ही चार पानं लागतात. परताव्याचं ताईंनी सरळ लिहिलं: फाइल उतरवल्यावर पैसे परत नाहीत, चुकीचं माप घेतलं असेल तर बदलून मिळेल, एकदा.

जीएसटीचा बाऊ फार केला जातो. पीडीएफ विकणं ही सेवा धरली जाते. सेवेला नोंदणीची मर्यादा वर्षाला २० लाख, आणि दुसऱ्या राज्यात विकली किंवा ई-कॉमर्स मंचावरून विकली तरी या मर्यादेच्या आत सक्ती नाही. पण २० लाखांत सगळं धरायचं: क्लासची फी, ब्लाउजची शिलाई आणि पीडीएफ. ताई त्याच्या जवळपासही नाहीत. गंमत अशी की तेच पेपर कटिंग ब्राउन पेपरवर कापून, पाकिटात घालून मोठ्या मंचावरून बेळगावला पाठवायचं म्हटलं तर ती वस्तू झाली, आणि ई-कॉमर्स मंचावरून दुसऱ्या राज्यात वस्तू विकायला पहिल्या रुपयापासून नोंदणी लागते. ताईंच्या डोक्यात तो बेत होता, तो यामुळे तूर्त बारगळला.

मध्येच एका कंपनीचा माणूस ‘ताई, तुमच्या नावाचं स्वतःचं ॲप’ घेऊन आला. वर्षाचे पैसे आगाऊ, क्लासचे व्हिडिओ, पीडीएफ, सूचना सगळं त्यात. व्हिडिओचा पूर्ण कोर्स तयार असेल आणि रोज बघणारे विद्यार्थी असतील तर अशा ॲपला अर्थ आहे. पण वर्षातून दोन पॅटर्न घेणारी बाई फोनमध्ये जागा नसताना ॲप कशाला उतरवेल? शिवाय प्ले स्टोअरच्या ॲपमध्ये डिजिटल माल विकला तर गूगलच्या कमिशनचाही विचार करावा लागतो, त्याबद्दल तो माणूस अवाक्षर बोलला नाही.

पायरसीबद्दल ताई माझ्याहून निवांत. पीडीएफ व्हॉट्सॲप ग्रुपवर फिरणार, हे त्यांनी धरूनच चालवलं आहे. परदेशी सेवेत प्रत्येक प्रतीवर खरेदीदाराचा ईमेल छापून जायची सोय आहे, ती चालू केली. देशातल्या दुकानात तशी सोय नव्हती. तिथे फक्त पानाच्या तळाशी क्लासचं नाव आणि पत्ता. ‘फिरली तर जाहिरात झाली,’ असं त्यांचं म्हणणं. १४९ रुपयांच्या मालाला हे धोरण चालतं. दीड हजाराच्या कोर्सला चालणार नाही.

आता स्थिती अशी आहे. देशातली विक्री तयार दुकानातून होते, लिंक ईमेलसोबत मोबाइलवरही जाते, ‘पीडीएफ सोडा’चे मेसेज जवळपास बंद झालेत. क्यूआर अजून क्लासच्या भिंतीवर आहे, समोरासमोर घेणाऱ्यांसाठी. परदेशी दार संथ आहे, पण त्याला महिन्याचं भाडं नाही, त्यामुळे उघडं ठेवायला काही लागत नाही. सूचना इंग्रजीत करायचं काम भाचीकडे आहे. ते झालं की एट्सीचा विचार.

नवा प्रश्न आला तो भलतीकडूनच. इस्लामपूरच्या एका झेरॉक्सवाल्याचा फोन. त्याच्याकडे आठवड्याला बऱ्याच बायका हीच पीडीएफ घेऊन येतात. तो म्हणतो, मीच तुमच्याकडून फाइल घेतो, योग्य मापात प्रिंट काढतो, चिकटवून, गुंडाळून देतो, तुम्हाला प्रत्येक प्रिंटमागे काय द्यायचं ते सांगा. बायकांना हे पीडीएफपेक्षा सोयीचं पडेल यात शंका नाही. पण त्याने किती प्रिंट काढल्या हे मोजणार कसं? मी ठोक वार्षिक रक्कम सुचवली आहे, तालुक्यात एकच दुकान, आणि प्रत्येक प्रिंटवर त्या दुकानाचं नाव. ताईंना प्रिंटमागे ४० रुपये हवे आहेत. झेरॉक्सवाला २५ वर अडलाय.